खुणेची गोष्ट

सरांना कुणी नमस्कार केला, की ते आधी मागे वळून बघत. आपल्यालाच केला का, आणि केला असेल तर कशासाठी, याची खात्री झाल्यावर त्यांचे हात जोडले जात. तोवर नमस्कार करणारा पुढे निघून गेलेला असे. नगरच्या आमच्या गल्लीत त्यामुळे सगळे त्यांना गर्विष्ठ समजत. मी त्यांच्याकडे दोन वर्षं काम केलंय, म्हणून छातीठोकपणे सांगते, गर्व वगैरे काही नव्हता. माणूस नुसता संशयी होता.

चहा समोर आला की आधी वास घ्यायचे. कुलूप लावून फाटकापर्यंत जायचे आणि परत येऊन ओढून बघायचे. आत होतं काय, तर कागद. पोस्टखात्यावर तर त्यांचा विशेष डोळा होता. महिन्यातून एकदा ते स्वतःच्याच पत्त्यावर एक कार्ड टाकत आणि किती दिवसांनी येतं ते मोजत. एकदा ते कार्ड आलंच नाही. त्या दिवशी सर इतके खुशीत होते, की मला त्यांनी स्वतःहून पेढा दिला. अर्थात, आधी त्याचाही वास घेऊन.

कॉलेजातून निवृत्त झाल्यावर त्यांनी एकच काम धरलं होतं, बायकांच्या तोंडी असलेल्या गोष्टी गोळा करायचं. बुटांच्या रिकाम्या खोक्यांत हजारो कार्डं होती. एकेका कार्डावर एकेक गोष्ट, आणि खाली ती आणखी कुठे कुठे सांगतात त्याची नोंद. सावत्र आई मुलीला मारून पुरते, तिथे झाड उगवतं आणि ते झाड गाऊ लागतं, ही आपल्या खेड्यातली गोष्ट जर्मनीतही आहे आणि आफ्रिकेतही आहे, हे मला त्या खोक्यांनी शिकवलं. तुर्कस्तानात गोष्ट संपली की आकाशातून तीन सफरचंदं पडतात. आपल्याकडे दिवसाउजेडी गोष्ट सांगितली की मामा वाट चुकतो. दक्षिण आफ्रिकेत तसं केलं तर सांगणाऱ्याला शिंगं फुटतात. सर हे सगळं इतकं रंगून सांगत, की ऐकताना भूक विसरायला व्हायचं. आणि मग मध्येच थांबून म्हणत, "हे मी तुम्हाला सांगतोय खरं, पण तुम्ही कुणाला सांगणार आहात?"

मी कुणाला सांगणार! बी. ए. होऊन घरी बसले होते, शाळेत जागा निघायची वाट बघत. खेड्यातल्या बायका सरांपुढे तोंड उघडत नसत, म्हणून त्यांना बरोबर एक बाई हवी होती. माझ्या वडिलांनी त्यांची तीन ठिकाणी चौकशी केली. सरांनी वडिलांची चार ठिकाणी केली. शेवटी दोघांचं जमलं.

आमची लिहिण्याची पद्धत ऐकून कुणीही हसेल. त्या वेळी टेपरेकॉर्डर मिळत होते, पण यंत्राच्या आत काय चाललंय ते दिसत नाही, म्हणून सरांना ते नको होतं. सांगणारी मध्ये बसायची आणि आम्ही दोघं एकमेकांकडे पाठ करून लिहायचो. मग संध्याकाळी दोन्ही वह्या शेजारी ठेवून ओळीला ओळ ताडून बघायची. फरक निघाला की सर माझ्याकडे असे बघत, जणू मी तो शब्द घरी न्यायला म्हणून काढून घेतलाय.

गोष्ट संपली की त्यांचा पहिला प्रश्न ठरलेला. "कुणाकडून ऐकली?" आईकडून, म्हटलं की, "तिनं कुणाकडून?" आजीकडून, म्हटलं की, "त्याच्या आधी?" एका म्हातारीने वैतागून विचारलं होतं, "मास्तर, गोष्टीची वारस नोंद करायची हाय का?"

खेड्यातले लोक आमच्याकडे संशयाने बघत, त्यांचं तरी काय चुकत होतं? कुटुंबनियोजनवाले गावोगाव हिंडत होते. चष्मा, वही आणि बरोबर एक शिकलेली बाई, म्हटल्यावर गडीमाणसं मागच्या दाराने पसार व्हायची. देवळाली प्रवऱ्याला तर एका बागायतदाराने आम्हाला पाटावर अडवलं. "गोष्टी ऐकाया एवढ्या लांबनं कोन येतं का? खरं काय काम हाय ते सांगा." सर त्याच्यावर चिडले नाहीत. उलट बसमध्ये मला म्हणाले, "हुशार माणूस आहे. असं विचारायला पाहिजे."

पण सर जन्मतःच असे नव्हते म्हणे. माझ्या आधी केव्हातरी त्यांनी एक लेख लिहिला होता. राहुरी भागातल्या एका बाईची गोष्ट त्यात दिली होती आणि ती किती प्राचीन आहे याची पंधरा पानं चर्चा केली होती. पुण्याच्या सभेत त्यांनी तो वाचला. वाचून झाल्यावर मागच्या रांगेतला एक शिक्षक उठला आणि शांतपणे म्हणाला, की ही गोष्ट आमच्या चौथीच्या जुन्या पुस्तकात होती. सभा अशी हसली, की सरांना पुढची ओळ सापडेना. त्या बाईने शपथेवर सांगितलं होतं की गोष्ट आजीची आहे.

त्या हसण्याचा काटा त्यांच्या मनातून निघाला नाही. हे मला त्यांनी स्वतः सांगितलं, आणि त्याच दिवशी खुणेच्या गोष्टीबद्दलही सांगितलं. खोलीत आम्ही दोघंच होतो तरी आवाज खाली आणून.

त्यांनी स्वतः एक गोष्ट रचली होती, आणि पुढे ती कुठेही ओळखता यावी म्हणून तिच्यात एक खूण ठेवली होती. एक मुलगी लग्न होऊन सासरी निघते. वाटेत नदी लागते. नदी म्हणते, पलीकडे जायचं तर नाव ठेवून जा. मुलगी नाव देते, नदी ते एका खेकड्याजवळ सांभाळायला देते. सासरी मुलीला नवं नाव मिळतं. बारा वर्षांनी ती माहेरी येते, तर आई ओळखत नाही, कारण जुनं नाव तिच्याजवळ नाही. ती खेकड्याकडे जाते. खेकडा म्हणतो, "देतो की. तुझं नाव काय ते सांग, म्हणजे शोधतो." ते तर तिला आठवत नाही. मग ती नदीत जीव देते.

"आणि खूण?" मी विचारलं.

"खेकडा तीन पायांचा," सर म्हणाले. "तीन पायांचा खेकडा जगाच्या पाठीवर कुठल्याच गोष्टीत नाही. मी सगळी खोकी तपासली."

ही गोष्ट त्यांनी कोपरगावच्या बाजूला, ऊसतोडीवाल्यांच्या कोप्यांवर जाऊन सांगितली होती. उसाच्या पाचटाच्या त्या खोपटांत जामखेड-पाथर्डीकडची माणसं हंगामभर राहतात आणि हंगाम संपला की गावी परततात. गोष्ट त्यांच्याबरोबर पूर्वेला जाणार. दोन वर्षांनी आपण तिकडच्या गावात जायचं. तिथे एखादी बाई तीन पायांचा खेकडा आपल्या आजीचा म्हणून सांगेल, आणि ती सापडली की बायकांच्या "आईकडून ऐकली"वर कुणी कधी विश्वास ठेवू नये, असं पुस्तक लिहायचं. त्यांचं पुस्तक म्हणजे हे होतं. मी दोन वर्षं बोटं दुखेस्तोवर कशासाठी लिहीत होते ते मला तेव्हा कळलं. फार राग आला मला. पण नोकरी दुसरी नव्हती.

बहात्तरच्या उन्हाळ्यात आम्ही खर्ड्याला गेलो. किल्ल्याच्या तटापासून जवळच एका म्हातारीचं घर होतं. सगळं गाव तिला आजी म्हणायचं. पाऊस दोन वर्षं दगा देत होता, विहिरीत खरवडून पाणी काढत होते, आणि ही बाई दारात बसून आल्यागेल्याशी बोलायची. आम्ही दिवसा गोष्टी विचारायला आलो म्हटल्यावर बाकीच्या बायकांनी नकार दिला. मामाचं संकट कोण ओढवून घेणार? आजी मात्र हसली. "माजे समदे मामा मरून गेले. आता वाट चुकाया कोन ऱ्हायलंय? बसा."

पाच दिवसांत तिने एकतीस गोष्टी सांगितल्या. मी इतकी ठिकाणं हिंडले, पण तिच्यासारखं सांगणारं माणूस मला भेटलं नाही. राक्षस बोलायला लागला की तिचा आवाज चढायचा नाही, उलट उतरायचा. मी हुंकार द्यायला विसरले की ती थांबायची. "झोपलीस व्हय गं?" एकदा सर बाहेर गेले असताना ती मला म्हणाली, "बाई, नीट लिव. मुली देवाघरी गेल्या. सून चांगली हाय पन ती सा म्हैने उसाला. नातवास्नी रेडू पायजे. म्या गेले की हे समदं माज्यासंगंच जाळतील." रेडू म्हणजे रेडिओ. मी म्हटलं, आजी, पुस्तकात येईल सगळं. असं वचन द्यायचा मला काय अधिकार होता? पण दिलं.

सहाव्या दिवशी ती म्हणाली, आता एकच राहिली, आणि सुरुवात केली. "येक पोर हुती. लगीन होऊन सासरला निघाली. वाटंत नदी आडवी आली."

माझं पेन थांबलं. पाठीमागे सरांचं पेन मात्र चालू होतं, जरा जास्तच भरभर. मी मनात म्हणत होते, आजी, दुसरं काहीतरी सांग, मासा म्हण, कासव म्हण.

"नदीनं नाव खेकड्यापाशी ठिवलं. खेकडा कसा, तर तीन पायांचा."

संपलं, असं मला वाटलं. आता या बाईच्या एकतीसच्या एकतीस गोष्टींवर फुली पडणार आणि वर पुस्तकात ती खोटी म्हणून छापली जाणार. आजी सांगतच होती. बारा वर्षं झाली, आईने ओळखलं नाही, पोर खेकड्याकडे गेली, खेकड्याने नाव विचारलं.

"मग तिनं नदीत जीव दिला," सर मध्येच म्हणाले. गोष्टीच्या मध्ये ते कधी बोलत नसत.

"जीव कशापायी दील?" आजी रागावली. "उटली आन पुन्यांदा आईच्या दाराला गेली. पन हाक न्हाई मारली. पहाटंच्या पारी भिताडाला कान लावून हुबी ऱ्हायली. आई जात्यावर बसली. जात्यावर बसल्यावर आई कुनाचं नाव घेती? लेकीचंच की! तोंड वळखलं न्हाई तरी ववीत नाव हुतंच. पोरीनं ते आईकलं आन नदीकडं पळाली. खेकडा म्हनला, धर तुजं नाव."

माझ्या डोळ्यांत पाणी आलं होतं. सरांनी वही मिटली आणि वळून बसले.

"कुणाकडून ऐकलीत?"

"आईकडनं. परकरात हुते तवा."

"आजी," सर म्हणाले, आणि त्यांचा आवाज मला अजिबात आवडला नाही, "ही गोष्ट मी रचली आहे. दोन वर्षांपूर्वी. तो तीन पायांचा खेकडा मी घातलाय."

आजीने त्यांच्याकडे बघितलं. "तुमी घातला? मग तीनच पाय का घातले?"

"का म्हणजे? खूण म्हणून."

"खूण दोन पायांची बी झाली आसती. पाचाची बी. तीनच का आलं तोंडात?"

सर मिटलेली वही पुन्हा उघडू लागले.

"तुमास्नी ठावं न्हाई. म्या सांगते. खेकड्याला पाय आठ. येका पोरीचं नाव माघारी दिलं की येक पाय मोडून नदीला द्यायाचा, आसा नदीचा दंडक. हिच्या आदी पाच जनी येऊन गेल्या हुत्या. म्हनून तीन उरले. आता ही आली, दोन ऱ्हायले. म्हंजी अजून दोगींचीच नावं माघारी मिळायची. बाकीच्या समद्या तशाच." मग ती पुढे वाकली आणि त्यांचाच प्रश्न त्यांना विचारला. "तुमास्नी कुनी सांगितली, मास्तर? आटवून बगा जरा."

चष्मा काढून सर धोतराच्या सोग्याने पुसत बसले. पुसून झाला तरी पुसत होते.

मी पाणी मागायच्या निमित्ताने आत गेले. आजीची सून चुलीपुढे बसली होती. तिने तांब्यात दोन बोटं पाणी दिलं आणि माझा हात धरला.

"ताई, येक सांगू? कुनाला बोलू नका. ती गोष्ट म्याच सांगितली आत्याबाईंना."

मी तांब्या खाली ठेवला.

"कोपरगावला कोपीवर ह्योच मास्तर आल्ता. म्या पयल्या दिशीच वळखलं. पन त्येनं वळखलं न्हाई, मग म्या कशाला बोलू? घरी आले आन आत्याबाईंना सांगितली. त्यास्नी पोरीला बुडवायचं पटंना. आट दिस नुसती तीच गोष्ट. जेवताना म्हनायच्या, तीनच पाय का गं? म्या म्हनले, आसतील. तर म्हनल्या, आसतील कसं? गोष्टीत उगाच काय नसतं. मग येक दिशी सडा टाकता टाकता म्हनल्या, घावलं."

"मग आईकडून ऐकली असं का सांगितलं?"

"बाकीच्या समद्या आईच्याच हायती, खरंच. पन ह्यो मास्तर दर गोष्टीला इचारतो, कुनाकडनं, कुनाकडनं. आईकडनं म्हनलं की लिवतो. काल-परवाची म्हनली तर तोंड वाकडं करतो. मग काय म्हनतील त्या?" ती घाबरली होती. "आता तेवढ्यावरनं बाकीच्या बी फेकून दील का वो?"

मी तिला काय उत्तर दिलं ते आठवत नाही. सरांनी लावलेल्या सापळ्यात आजी पुरती सापडली होती, आणि ते माहीत असलेल्या आम्ही दोघीच होतो. दोन वर्षं ज्यासाठी त्यांनी जिवाचं रान केलं तो पुरावा माझ्या हातात होता. एक वाक्य बोलले असते तर त्यांचं पुस्तक पुरं झालं असतं.

पुस्तक पुढे निघालं, पण ते हे नव्हे. त्यात आजीच्या सगळ्या गोष्टी आहेत, बत्तीसच्या बत्तीस, एकाही शब्दाला धक्का न लावता. बायकांच्या शब्दावर विश्वास ठेवू नये असं त्यात कुठेही लिहिलेलं नाही. सर आणि आजी दोघंही आता नाहीत, म्हणून मी हे लिहितेय. नाहीतर लिहिलं नसतं.

परतीच्या एसटीत जामखेड सोडेपर्यंत सर वही उलटसुलट चाळत होते. मला वाटलं, मनातल्या मनात सुनेच्या कोपीपर्यंत पोचले असतील. त्यांना ते अवघड नव्हतं. साधी चौकशी केली असती तर निघालं असतं. एवढा संशयी माणूस, आणि नेमका तेवढा एक प्रश्न त्याने त्या घरात विचारला नाही, की तुमच्यातलं कोण उसाला जातं.

"ती गोष्ट मी रचलेली नाही," ते एकदम म्हणाले. "मला कुणीतरी सांगितली होती."

मी त्यांच्याकडे वळले.

"आई माझ्या जन्माच्या वेळीच गेली. सहा वर्षांचा होईपर्यंत मला एका बाईने सांभाळलं. जामखेडकडची होती, एवढं माहीत आहे. नंतर एक दिवस ती नव्हतीच. मी विचारलं तर वडील म्हणाले, गेली. कुठे, का, काही नाही. तिचा चेहरा मला आठवत नाही. पण बोटं आठवतात." त्यांनी उजवा हात पुढे केला, अंगठा आणि करंगळी मिटली आणि उरलेली तीन बोटं पुढच्या सीटच्या पाठीवरून हळूहळू चालवली. "अशी पोटावरून चालवायची. खेकडा आला, खेकडा आला म्हणायची. मी हसून हसून रडायचो."

तिकीट द्यायला आलेला कंडक्टरसुद्धा क्षणभर थांबून ती बोटं बघत राहिला. माझ्या अंगावर काटा आला. पण लगेच मनात आलं, हे त्यांना खरंच आठवतंय, की आजीने आठवायला सांगितलं म्हणून आठवतंय? दोन वर्षं त्यांच्या संगतीत राहिल्यावर मला असलेच विचार सुचायचे. मी स्वतःवरच चिडले.

"ती म्हातारी खरं बोलली," सर म्हणाले. "खोटा मीच निघालो. तीच गोष्ट त्या बाईने मला सांगितली असणार आणि मी ती विसरून माझी म्हणून मिरवत होतो." हे बोलताना त्यांचा चेहरा इतका मोकळा झाला होता, की मी त्यांना पहिल्यांदाच पाहतेय असं वाटलं. मग त्यांनी मला जे विचारलं, ते त्यांनी त्याआधी कधीच विचारलं नव्हतं. "तुम्हाला काय वाटतं?"

"आजी खोटं कशाला बोलतील, सर?" मी म्हटलं.

ते समाधानाने मान हलवत राहिले. मग थोड्या वेळाने म्हणाले, "त्या बाईचं नाव मी कुणाला तरी विचारून ठेवायला हवं होतं. घरात सगळे नुसतं बाईच म्हणायचे. आता सांगणारं कुणी उरलं नाही."

मी त्यावर काही बोलले नाही. बोलले असते तर सगळंच बोलले असते.